नार्नियाचा वाचनक्रम : एक आक्षेप

सी. एस. लुईस यांच्या नार्निया-मालेतील सात पुस्तके १९५० ते १९५६ या काळात, दरवर्षी एक याप्रमाणे प्रसिद्ध झाली. पहिले ‘द लायन, द विच अँड द वॉर्डरोब’, सहावे ‘द मॅजिशियन्स नेफ्यू’. १९९४ साली हार्परकॉलिन्सने त्या कल्पित देशाच्या कालगणनेनुसार मालेला नवे क्रमांक दिले आणि सहावे पुस्तक पहिले झाले. या क्रमाचे समर्थक लुईस यांनी १९५७ मध्ये एका अमेरिकन मुलाला लिहिलेल्या पत्राकडे बोट दाखवतात. हा क्रम आपल्यालाही पटतो, असे त्यात लुईस म्हणतात खरे. पण कोणत्याही क्रमाने वाचले तरी फारसे बिघडत नसावे, हेही त्याच पत्रात आहे. अर्ध्या पत्राचे प्रामाण्य मानायचे आणि उरलेल्या अर्ध्याकडे डोळेझाक करायची, ही सोयीची निष्ठा झाली. शिवाय लेखकाच्या हेतूवरून कृतीचा निवाडा करू नये, हे विम्सॅट आणि बिअर्डस्ली यांनी १९४६ मध्येच बजावले होते. एरवी हे सूत्र उठताबसता जपणारे अभ्यासक बालसाहित्याच्या दारात मात्र ते चपलांसारखे काढून ठेवतात.

संहितेची साक्ष अगदी वेगळी आहे. कपाटातून बर्फाळ रानात आलेल्या लूसीला मधोमध एक रस्त्यावरचा दिवा जळताना दिसतो. तो तेथे का, याचे उत्तर नाही. आणि उत्तर नसणे हेच त्या दृश्याचे सामर्थ्य आहे. चेटकिणीने फेकलेल्या लोखंडी दांड्यातून हा दिवा उगवला, हे आधीच ठाऊक असलेल्या वाचकाच्या हाती आश्चर्याऐवजी केवळ ओळखीची खूण उरते. अस्लानचे नाव प्रथम उच्चारले जाते तेव्हा, तो कोण हे मुलांनाही तुमच्याइतकेच अज्ञात होते, अशा अर्थाचे निवेदक सांगतो. नव्या क्रमात हा निवेदक चक्क खोटा पडतो.

पण खरी हानी आशयाची आहे. लूसीवर भावंडे विश्वास ठेवत नाहीत, तेव्हा वृद्ध प्राध्यापक तर्काचा आधार घेतात : मुलगी खोटे बोलते, वेडी आहे किंवा खरे सांगते, पहिल्या दोन शक्यता टिकत नाहीत, तेव्हा तिसरी मान्य करावी. पुराव्याआधीचा विश्वास हे या मालेचे मुख्य सूत्र आहे, आणि त्याची पहिली मांडणी येथे होते. हेच प्राध्यापक बालपणी नार्नियात जाऊन आले होते, हे ‘नेफ्यू’ आधी वाचणाऱ्याला माहीत असते. मग त्यांचा युक्तिवाद म्हणजे सर्व ठाऊक असलेल्या माणसाने घेतलेले सोंग ठरते. लुईस यांच्या धर्मश्रद्धेशी ज्यांचे मुळीच पटत नाही (प्रस्तुत लेखक त्यांपैकी एक), त्यांनाही हा प्रसंग असा पोकळ होऊ देणे मान्य होऊ नये.

‘द हॉर्स अँड हिज बॉय’ तिसऱ्या स्थानी गेल्याने फारसे बिघडत नाही. ‘नेफ्यू’ची गोष्ट निराळी. नार्नियात ये-जा कशी सुरू झाली हे सांगण्यासाठी ही कथा महत्त्वाची, अशी त्याची सुरुवातच आहे. नार्निया हे नावही न ऐकलेल्या वाचकाला हे महत्त्व कशाचे वाटावे? कोवळ्या मातीतून दिवा उगवतो त्या प्रकरणाचा आनंद त्यालाच मिळतो, जो पूर्वी कधीतरी लूसीबरोबर त्या दिव्याखाली गोंधळून उभा राहिलेला असतो.