अंकल बिलीचे आठ हजार डॉलर

नाताळच्या आदल्या दिवशी एक म्हातारा पतपेढीचे ८ हजार डॉलर भरायला बँकेत जातो. पुतण्याला युद्धात शौर्यपदक मिळाल्याची बातमी वर्तमानपत्रात छापून आली आहे. गावचा धनाढ्य पॉटर समोर भेटतो, तेव्हा ती बातमी दाखवून त्याला खिजवण्याच्या भरात नोटांचे पाकीट त्याच वर्तमानपत्रात गुंडाळले जाते आणि पॉटरच्या हाती पडते. म्हातारा काउंटरशी येऊन खिसे चाचपू लागतो. नेमका त्याच दिवशी पतपेढीत हिशेब तपासनीस येऊन बसलेला असतो!

फ्रँक काप्राचा ‘इट्स अ वंडरफुल लाइफ’ (१९४६) लोकांच्या लक्षात आहे तो जेम्स स्टुअर्टमुळे. पण त्याच्या जॉर्जला पुलावरून उडी टाकावीशी वाटते ती या अंकल बिलीच्या विसराळूपणापायी. ही भूमिका केली थॉमस मिचेल यांनी.

बँकेत उमेद घालवलेल्या माणसाला हा प्रसंग स्वस्थपणे पाहवत नाही. संध्याकाळी रोकड जुळली नाही, की आधी गड्ड्या पुन्हा मोजतात, मग व्हाउचरे, मग टेबलाखालची टोपली उपडी होते. एवढ्या वेळात कॅशियरच्या तोंडाकडे मात्र कोणी पाहत नाही. मिचेल यांनी तेच तोंड पडद्यावर आणले. जॉर्ज त्यांना गदागदा हलवतो, तेव्हा ते सबब सांगत नाहीत. आठवणीसाठी बोटांना दोरे बांधणारा हा माणूस, आपल्याला काहीच आठवत नाही याच भीतीने गोठलेला असतो. जॉर्ज निघून जातो आणि ते टेबलावर डोके ठेवून रडतात, तेव्हा त्यांची पाळीव खार दंडावर चढते. दुसऱ्या एखाद्या नटाने तिथे हशा घेतला असता. (चोरी पचवणाऱ्या पॉटरला चित्रपट शेवटपर्यंत शिक्षा करीत नाही, हे माझ्यातल्या अधिकाऱ्याला आजही खटकते.)

मिचेल यांचा जन्म १८९२ चा, न्यू जर्सीतल्या एलिझाबेथ गावचा. आईवडील आयर्लंडहून आलेले. सुरुवात बातमीदारीत, मग रंगभूमी. १९३९ या एका वर्षात त्यांचे पाच चित्रपट आले, आणि त्यांतल्या ‘गॉन विथ द विंड’मध्ये ते नायिकेचे वडील होते. ऑस्कर मिळाले ते मात्र ‘स्टेजकोच’मधल्या दारुड्या डॉक्टरसाठी. गावाने हाकललेला हा डॉक्टर वाटेत एका बाईला कळा सुरू होताच काळ्या कॉफीचे पेल्यावर पेले रिचवून शुद्धीवर येतो आणि बाळंतपण पार पाडतो. त्याच घोडागाडीत बँकेची रक्कम घेऊन पळालेला एक प्रतिष्ठित बँकरही बसला आहे! कोणाची पत किती, हे कपड्यांवरून कळत नाही.

मिचेल यांचे भांडवल म्हणजे तो चेहरा: गोल, किंचित सुजरा, घरच्या वडीलधाऱ्यासारखा. प्रेक्षक त्यावर तारणाशिवाय विश्वास टाकत. ‘हाय नून’ (१९५२) मध्ये त्यांनी हाच विश्वास उलटा फिरवला. चार गुंडांशी लढायला माणसे मागत मार्शल चर्चमध्ये येतो. नगराध्यक्ष झालेले मिचेल उठतात, मार्शलचे मनापासून गुणगान करतात. आता मदत मिळणार असे वाटत असतानाच, त्याच मायेच्या सुरात ते त्याला गाव सोडून जायला सांगतात. आवाज जराही चढत नाही. पुढे बंदुका पुष्कळ चालतात, पण त्या चित्रपटातला खरा घाव मला हाच वाटतो.

१९५३ मध्ये त्यांना दूरचित्रवाणीसाठी एमी आणि ‘हेझल फ्लॅग’ या संगीत नाटकासाठी टोनी मिळाले. ऑस्करसह हे तिन्ही सन्मान मिळवणारे ते पहिले पुरुष कलावंत. तरी नाव सांगितले तर बहुतेकांना आठवत नाही. चेहरा दाखवला, की ‘अरे, हा होय!’ म्हणतात.

१९६२ साली ‘प्रिस्क्रिप्शन : मर्डर’ या नाटकाच्या दौऱ्यात त्यांनी लेफ्टनंट कोलंबो रंगवला. हाच तो गबाळा पोलीस, जो पुढे दूरचित्रवाणीवर पीटर फॉकने घरोघरी नेला. नाटक ब्रॉडवेपर्यंत पोहोचले नाही. मिचेल त्याच वर्षी डिसेंबरात, नाताळच्या आठवडाभर आधी वारले. बोटांना दोरे बांधणाऱ्या अंकल बिलीनंतर सोळा वर्षांनी त्यांच्या वाट्याला आलेला हा माणूस, विसराळू दिसत असला तरी काहीएक विसरत नव्हता.