मिथ्रिलला प्रतीक मानण्याची घाई

टॉल्किनच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मधील (१९५४-५५) मिथ्रिल या धातूला पावित्र्याचे वा ईश्वरी कृपेचे प्रतीक ठरवून मोकळी होणारी समीक्षा संहिता वाचतच नाही. 'द हॉबिट'च्या १९३७ च्या आवृत्तीत बिल्बोचे चिलखत चांदीचा मुलामा दिलेल्या पोलादाचे होते. मिथ्रिल हे नाव तेथे १९६६ मध्ये आले. म्हणजे ही वस्तू प्रतीक म्हणून जन्मलीच नाही. तिला मागाहून लाभला तो इतिहास, आणि तो खाणीचा आहे. मोरियात ड्वार्फांनी या धातूपायी अतिखोल खणले, बॅलरॉग जागा झाला, खाण ओस पडली. पूर्वी सोन्याच्या दहापट भाव असलेला धातू अमोल ठरला. ऑर्कांनी लुटलेला साठा सॉरॉनकडे खंडणी म्हणून गेला. फ्रोडोच्या अंगावरील त्याच चिलखताचे मोल अख्ख्या शायरहून अधिक! उत्खनन, टंचाई, खंडणी हे सारे उघड लिहिलेले असताना कृपा शोधत बसणे हा आळस होय. (टॉल्किनची रूपककथेविषयीची नावड दुसऱ्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत नोंदलेली आहे, पण तिचा आधार घेण्याचीही गरज नाही.) टॉल्किनला विचारण्याजोगा प्रश्न वेगळाच आहे. मिथ्रिल सर्वांनाच हवे होते असे गँडाल्फ स्वतःच सांगतो. मग लोभाचा ठपका तो एकट्या ड्वार्फांवरच का ठेवतो?