माघार नव्हे, मार्गबदल

बडतर्फीचा हुकूम हाती पडलेला कारकून पुष्कळदा प्रथम उच्च न्यायालयाकडे धाव घेतो. ‘उच्च’ या शब्दाचा आपल्या मनावर मोठाच पगडा आहे. पुढे सुनावणीत प्रश्न निघतो की, औद्योगिक न्यायाधिकरणाचा मार्ग मोकळा असताना अर्जदार येथे का आला? वकील याचिका मागे घेण्याचा सल्ला देतात आणि कचेरीत कुजबुज सुरू होते की, गृहस्थ हरले. हा समज चुकीचा आहे. इतकेच नव्हे, तर घातकही आहे.

रिट याचिकेत उच्च न्यायालय मुख्यतः निर्णयाची वैधता तपासते. साक्षीदार उभे करून वादग्रस्त वस्तुस्थितीचा निवाडा करणे हे सहसा त्याचे काम नव्हे. न्यायाधिकरण पुरावा घेते, उलटतपासणी होऊ देते. शिवाय १९७१ साली औद्योगिक विवाद कायद्यात घातलेल्या ११-अ कलमाने, बडतर्फी अवाजवी वाटल्यास ती रद्द करून सौम्य शिक्षा देण्याचा अधिकार त्याला मिळाला. २०२० च्या औद्योगिक संबंध संहितेनेही तो राखला आहे. किरकोळ कसुरीपायी ज्याची भाकरी गेली, त्याला याहून मोठा आधार कोणता?

दिवाणी न्यायालयाबाबत तर १९७५ सालीच मुंबईच्या प्रीमियर ऑटोमोबाइल्स खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, जो हक्क औद्योगिक कायद्यानेच निर्माण केला, त्याची दादही त्याच कायद्याच्या यंत्रणेकडे मागावी.

मात्र मार्ग बदलताना सावधगिरी हवी. सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात १९८६ साली सर्वोच्च न्यायालयाने ठरविले की, पुन्हा दाखल करण्याची परवानगी न घेता रिट याचिका मागे घेतल्यास त्याच कारणासाठी दुसरी रिट करता येत नाही; इतर उपायांचा मार्ग मात्र त्यामुळे बंद होत नाही. तरीही न्यायाधिकरणाकडे जाण्याची मुभा आदेशात नोंदवून घेणेच शहाणपणाचे. दुसरा धोका मुदतीचा. नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आलेल्या संहितेनुसार, समेट अधिकाऱ्याकडे अर्ज केल्यावर पंचेचाळीस दिवसांनी कामगाराला थेट न्यायाधिकरणाकडे जाता येते. पण बडतर्फीपासून दोन वर्षांच्या आत. चुकीच्या दारात प्रामाणिकपणे घालविलेला काळ वगळावा, अशी विनंती करता येते. ती मान्य होईलच, असे गृहीत धरू नये.

शिक्षकांची वाट निराळी. गोव्यातील एका शिक्षिकेच्या प्रकरणात १९८८ साली सर्वोच्च न्यायालयाने शिक्षक हे ‘कामगार’ नव्हेत, असा निर्णय दिला. महाराष्ट्रात खासगी शाळांतील शिक्षकांना आणि शिक्षकेतर कर्मचाऱ्यांना १९७७ च्या कायद्याने शाळा न्यायाधिकरण दिले आहे. तेथे अपिलाची मुदत अवघी तीस दिवसांची. म्हणून आपले दार कोणते, हे पहिल्याच दिवशी विचारले पाहिजे.

परंतु सारा दोष अर्जदाराच्या माथी मारणे अन्यायाचे होईल. पर्यायी उपायाचा आक्षेप पहिल्या सुनावणीतच निकालात निघावा. वर्षानुवर्षे तिष्ठत ठेवून मग दुसरे दार दाखविणे हा न्याय नव्हे. आणि ज्या न्यायाधिकरणाकडे माणसाला पाठवायचे, तेथील आसन रिकामे राहू न देणे हे शासनाचे कर्तव्य आहे. याचिका मागे घेणाऱ्याने लढाई सोडलेली नसते. त्याला जेथे पाठविले, तेथे ऐकणारा कोणी असला पाहिजे, एवढेच त्याचे मागणे आहे.