आयातीचा आलेख वाचण्यापूर्वी: विमानाच्या पंख्याची साधनचिकित्सा

१/ विमानांच्या प्रोपेलर आणि रोटरांच्या आयातीचा एखादा आलेख हाती आला की समाजमाध्यमांवर लगेच दोन तट पडतात. रेघ वर गेली तर एक तट 'आत्मनिर्भरता फसली' म्हणून टाळ्या पिटतो. खाली आली तर दुसरा 'परावलंबन संपले' म्हणून गुलाल उधळतो. माझे म्हणणे असे की या दोघांनीही तो आलेख वाचलेला नसतो. हा धागा त्या न वाचलेल्या आलेखाविषयी.

२/ साधन हाती आले की आधी त्याची उलटतपासणी करावी, हा इतिहासाचा पहिला धडा. कोणी लिहिले, कशासाठी लिहिले, काय गाळले? इतिहासाचार्य राजवाड्यांनी मराठ्यांच्या इतिहासाच्या साधनांचे बावीस खंड छापले ते अस्सल कागदाच्या आग्रहापोटी. पण मोडी कागदाला लावतो ती चिकित्सा जकातीच्या आकड्याला लावायला आपण सोयीस्करपणे विसरतो. आकडा छापील असतो, एवढ्यावरच तो आपल्याला निष्पाप वाटतो.

३/ तर करू उलटतपासणी. जगभरच्या जकात खात्यांत प्रत्येक मालाला एक संकेतांक असतो. प्रोपेलर, रोटर आणि त्यांचे भाग यांचा संकेतांक २०२१ पर्यंत ८८०३.१० होता. २०२२ च्या सुधारणेनंतर तो ८८०७.१० झाला. हा बदल नुसता नावाचा नाही. त्याच सुधारणेत मानवरहित विमानांना, म्हणजे ड्रोनना, ८८०६ हे स्वतंत्र घर मिळाले आणि त्यांचे सुटे भागही ८८०७ मध्ये आले. २०२२ च्या अलीकडचा व पलीकडचा आकडा एकाच रेघेने जोडणारा माणूस दोन वेगळ्या वह्यांची पाने एकत्र शिवत असतो.

४/ आता या आकड्यात काय नसते ते पाहा. विमान आख्खे आले तर त्याच्या नाकावरचा प्रोपेलर ८८०२ या विमानांच्या शीर्षकाखाली गुपचूप देशात शिरतो. पंख्यांच्या खात्यात त्याची नोंद होत नाही. जेट इंजिनातील पंख्याची पाती ८४११ या इंजिनांच्या शीर्षकाकडे जातात. सबब 'पंख्यांची आयात घटली' याचा अर्थ 'आपण आख्खी विमानेच अधिक आणली' असाही असू शकतो. गुलाल उधळणाऱ्यांनी एवढे तरी तपासावे.

५/ आणि काय असते? प्रोपेलर ही एकदा बसवून विसरण्याची वस्तू नव्हे. ठरावीक तास उडाल्यावर किंवा ठरावीक काळ लोटल्यावर तो उतरवून, उघडून, तपासून पुन्हा जोडावा लागतो. हे काम परदेशी झाले तर तोच पंखा परतताना पुन्हा सीमा ओलांडतो. म्हणजे आयातीची रेघ नव्या खरेदीइतकीच जुन्या विमानांच्या उड्डाणतासांचीही नोंदवही असते.

६/ उड्डाणतास का वाढले? २७ एप्रिल २०१७ रोजी 'उडान' योजनेचे पहिले विमान शिमला-दिल्ली मार्गावर निघाले. त्याच दिवशी नांदेड-हैदराबाद सेवेलाही झेंडा दाखवला गेला. लहान धावपट्ट्यांवर परवडते ते एटीआरसारखे प्रोपेलरचे विमान. नांदेडचा प्रवासी विमानात बसतो तेव्हा कुठेतरी पंख्यांच्या आयातीची रेघ किंचित वर सरकते. टाळ्या पिटणाऱ्यांना ही 'फसलेली' आत्मनिर्भरता दिसते. मला त्यात एक नवा प्रवासी दिसतो.

७/ धोरणाचा हातही विसरू नका. ९ फेब्रुवारी २०२२ रोजी परदेशी व्यापार महासंचालनालयाने तयार ड्रोनच्या आयातीवर बंदी घातली. संशोधन, संरक्षण आणि सुरक्षा हे अपवाद. सुट्या भागांना मात्र मोकळीक ठेवली. ज्याला ड्रोन आणता येत नाही तो ड्रोनचे पंखे आणून इथे जोडणार, हे सांगायला अर्थशास्त्रज्ञ नको. १५ जुलै २०२४ पासून विमानाच्या सुट्या भागांच्या आयातीवर सरसकट ५ टक्के आयजीएसटी लागू झाला. त्याआधी तो ५ पासून २८ टक्क्यांपर्यंत विखुरलेला होता. कर बदलला की आकडाही चालण्याची पद्धत बदलतो.

८/ इथवर वाचून कोणी म्हणेल, मग आकडे फेकून द्यायचे का? मुळीच नाही. त्यांना योग्य प्रश्न विचारायचा. 'किती आले?' हा कारकुनाचा प्रश्न झाला. इतिहासकाराचा प्रश्न असा: जे आले त्यातून आपण काय शिकलो, आणि जे शिकलो नाही ते का? त्यासाठी आलेख बाजूला ठेवून थोडे मागे जावे लागते.

९/ पंखा हे सोपे काम आहे हा पहिला गैरसमज. राइट बंधूंना वाटले होते की जहाजांच्या प्रोपेलरचे तयार शास्त्र उचलता येईल. तसे शास्त्र मिळालेच नाही. अखेर त्यांनी स्वतःच ओळखले की प्रोपेलर म्हणजे गोल फिरणारा विमानाचा पंखच. त्या हिशेबाने त्यांनी लाकडातून पाती कोरली. १९०३ च्या त्या उड्डाणामागे इंजिनाइतकेच त्या पात्यांचे श्रेय आहे.

१०/ पुढे उड्डाणातच पात्यांचा कोन बदलणारे प्रोपेलर आले. चढताना एक कोन, वेगाने जाताना दुसरा. सायकलच्या गिअरसारखा हिशेब. यात अमेरिकेची हॅमिल्टन स्टँडर्ड अग्रेसर होती. ब्रिटनच्या डी हॅविलँडने तिच्याकडून परवाना घेतला. १९४० च्या उन्हाळ्यात ब्रिटनवरील हवाई युद्ध पेटत असताना स्पिटफायर विमानांचे प्रोपेलर धावपट्ट्यांवरच सुधारून इंजिनाची गती आपोआप स्थिर राखणारे करण्यात आले. जपानच्या सुमितोमोनेही हॅमिल्टनचाच परवाना घेतला होता; झिरो हे प्रसिद्ध लढाऊ विमान त्याच जातीच्या पंख्यावर उडाले.

११/ हे नीट लक्षात घ्या. ब्रिटन आणि जपान या दोघांनीही पंख्याची विद्या बाहेरूनच आणली. फरक इतकाच की त्यांनी विमानाच्या परवान्यावर न थांबता पंख्याचा परवाना वेगळा घेतला, त्याचे वेगळे कारखाने उभारले. शिवाय ब्रिटनमध्ये १९३७ साली रोल्स-रॉईस आणि ब्रिस्टल या प्रतिस्पर्ध्यांनी एकत्र येऊन 'रोटोल' ही केवळ प्रोपेलरची कंपनी काढली. आयात हे पाप नव्हते. ती त्यांची शिकवणी होती.

१२/ आपल्याकडे काय झाले? सोलापूरच्या वालचंद हिराचंदांनी म्हैसूर संस्थानाच्या साहाय्याने डिसेंबर १९४० मध्ये बंगळूरात हिंदुस्थान एअरक्राफ्ट कंपनी स्थापन केली. अमेरिकी उद्योजक विल्यम पॉली मदतीला होता. ऑगस्ट १९४१ मध्ये अमेरिकी हार्लो जातीचे प्रशिक्षण विमान तिथे जोडून उडवले गेले. नऊ महिन्यांच्या आत! पण १९४२ मध्ये सरकारने वालचंदांचा हिस्सा विकत घेतला आणि १९४३ मध्ये कारखाना अमेरिकी हवाई दलाच्या दुरुस्तीच्या कामाला जुंपला गेला. घडवण्यासाठी काढलेली शाळा डागडुजीची कार्यशाळा झाली.

१३/ तरीही त्याच आवारातून विष्णू माधव घाटगे उभे राहिले. कोल्हापूरकडचा हा माणूस गटिंगनला लुडविग प्रांटल या वायुगतिशास्त्राच्या आद्य आचार्याच्या हाताखाली शिकला होता. त्यांच्या नेतृत्वाखाली आखलेले एचटी-२ हे प्रशिक्षण विमान ऑगस्ट १९५१ मध्ये उडाले. पुढे ते घानाच्या हवाई दलातही गेले. आराखडा अस्सल भारतीय. इंजिन मात्र ब्रिटनचे, १५५ अश्वशक्तीचे सिरस मेजर. विमानाचे अंग आपले आणि त्याला ओढणारी शक्ती परकी, ही विभागणी तेव्हा समजण्यासारखी होती. ती पुढेही तशीच राहिली, हा खरा आरोप.

१४/ पुरावा हवा? कानपूरला जोडलेले पहिले अ‍ॅव्हरो ७४८ हे वाहतूक विमान १ नोव्हेंबर १९६१ रोजी उडाले. इंजिन रोल्स-रॉईस डार्ट, प्रोपेलर डाऊटी रोटोल. त्याच अ‍ॅव्हरोंची जागा घेण्यासाठी सप्टेंबर २०२१ मध्ये ५६ सी-२९५ विमानांचा करार झाला. त्यांपैकी ४० वडोदऱ्याला बनायची. इंजिन प्रॅट अँड व्हिटनी, प्रोपेलर हॅमिल्टन. मधे साठ वर्षे गेली. कानपूरचे वडोदरा झाले, ब्रिटिश पंख्याचा अमेरिकी पंखा झाला. समारंभाचे हार तेवढे स्वदेशी.

१५/ हा योगायोग नाही. १९८० च्या दशकात कानपूरलाच डॉर्निअर २२८ परवान्याखाली बनू लागले. त्याचे टीपीई-३३१ इंजिनसुद्धा एचएएलने परवान्याखाली बनवले. पंख्याची रचना मात्र अमेरिकेच्या हार्टझेलचीच. कारण परवाना-उत्पादनाच्या हिशेबात पंखा ही 'विकत घ्यायची वस्तू' ठरते. विमानाच्या एकूण किमतीत तिचा वाटा लहान, म्हणून तिच्यावर बैठक होत नाही, भाषण होत नाही, प्रयोगशाळा उभी राहत नाही.

१६/ याची किंमत किती? एचपीटी-३२ हे आपले पिस्टन इंजिनाचे प्रशिक्षण विमान २००९ मधील अपघातानंतर जमिनीवर आणले गेले. नवशिक्या वैमानिकांना शिकवायला विमानच उरले नाही. २०१२ मध्ये स्वित्झर्लंडच्या ७५ पिलाटस विमानांचा करार करावा लागला. स्वदेशी एचटीटी-४० हे ३१ मे २०१६ रोजी प्रथम उडाले, आणि त्याच्यासाठीही २०२२ मध्ये अमेरिकेच्या हनीवेलशी ८८ इंजिनांचा करार झाला. १९५१ चे घाटगे यांचे कोडे २०२२ मध्ये जसेच्या तसे समोर होते.

१७/ आता नाण्याची दुसरी बाजू, आणि माझ्या मुद्द्याचा कणा: रोटर. हेलिकॉप्टरांतही आपण परवान्यापासूनच सुरुवात केली. फ्रान्सचे अलूएट म्हणजे आपले चेतक, लामा म्हणजे चीता. पण १९८४ मध्ये ध्रुवसाठी जर्मनीच्या एमबीबीशी जो करार झाला तो तयार हेलिकॉप्टर जोडण्याचा नव्हता. नवे हेलिकॉप्टर आखताना सोबत बसण्याचा होता. एमबीबीला बिजागरीविना रोटरचा अनुभव होता. ध्रुव २० ऑगस्ट १९९२ रोजी उडाले. त्याचा बिजागरीविना रोटर आणि संमिश्र तंतूंची चार पाती बंगळूरात घडतात. ती विद्या पुढे प्रचंड या लढाऊ हेलिकॉप्टरात उतरली.

१८/ देश तोच, कारखाना तोच, अभियंतेही त्याच महाविद्यालयांतून आलेले. एका ठिकाणी विद्या रुजली, दुसऱ्या ठिकाणी नाही. म्हणजे 'भारतीयांना जमत नाही' हा रडका सिद्धांत खोटा, आणि 'कारखाना काढला की आत्मनिर्भरता येते' हा सरकारी सिद्धांतही खोटा. जिथे आराखडा आपण आखला तिथे पाते आपले झाले. जिथे फक्त जोडणी केली तिथे साठ वर्षांनंतरही ते पाहुणेच राहिले.

१९/ आक्षेप पहिला: ध्रुवचे काय कौतुक? ५ जानेवारी २०२५ रोजी पोरबंदरला तटरक्षक दलाचे ध्रुव कोसळले, तीन जण गेले, सगळा ताफा थांबवावा लागला. खरे आहे, आणि ते झाकण्यासारखे नाही. चौकशीचा रोख स्वॉशप्लेटवर, म्हणजे पात्यांचा कोन फिरवणाऱ्या भागावर होता. पण आराखडा आपला असला की दोष शोधण्याची जबाबदारीही आपली असते. परदेशी कंपनीच्या पत्राची वाट पाहत बसता येत नाही. जबाबदारी अंगावर घेणे म्हणजेच प्रौढपणा.

२०/ आक्षेप दुसरा, अधिक वजनदार: जगभर विमान एकाचे आणि पंखा दुसऱ्याचा हीच रीत आहे, मग आपणच का सगळे बनवावे? सगळे बनवू नये, हे मलाही मान्य. पण पर्याय असून विकत घेणे वेगळे आणि पर्याय नसल्याने विकत घेणे वेगळे. ध्रुवसाठी आधी एक अमेरिकी इंजिन निवडले होते. १९९८ च्या पोखरण चाचण्यांनंतर निर्बंध आले आणि ते हातचे गेले. रोटर थांबला नाही, कारण तो आपला होता. इंजिनासाठी फ्रान्सचे दार ठोठवावे लागले, कारण ते आपले नव्हते. एकाच हेलिकॉप्टरात दोन्ही धडे आहेत.

२१/ आणि मित्रहो, थोडे आपल्याही अंगणात पाहू. १८९५ मध्ये गिरगाव चौपाटीवर तळपद्यांनी विमान उडवले की नाही, यावर आपण रात्री जागवतो. त्या उड्डाणाचा समकालीन भक्कम पुरावा मात्र कोणी पुढे करत नाही. ज्या 'वैमानिकशास्त्रा'चा हवाला दिला जातो त्यातील विमाने उडूच शकत नाहीत, हे बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतील अभ्यासकांनी १९७४ मध्येच दाखवले. ज्याचे विमान खरोखर उडाले, त्या घाटग्यांचे नाव आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? न झालेल्या उड्डाणाचा अभिमान फुकट मिळतो. झालेल्या उड्डाणाचा अभ्यास करावा लागतो.

२२/ म्हणून विनंती एवढीच. पुढच्या वेळी पंख्यांच्या आयातीचा आलेख कोणी तोंडावर फेकला, तर चार प्रश्न विचारा. संकेतांक कोणता आणि तो मधे बदलला का? आख्ख्या विमानांसोबत आलेले पंखे यात आहेत का? दुरुस्त होऊन परतलेले किती? आणि या पंख्याचा आराखडा कोणाच्या टेबलावर आखला गेला? पहिल्या तीन प्रश्नांची उत्तरे वहीत सापडतील. चौथ्याचे उत्तर १९५१ पासून टळत आले आहे, आणि ते देण्याची पाळी आता आपल्या पिढीची आहे.