बोलीवर लावलेले भांडवल

व्यवहारात जम बसल्यावर उतारवयात हौसेखातर तोंडाला रंग लावून चित्रपटात दोन प्रसंगांपुरते झळकणारे व्यावसायिक पुष्कळ आढळतात. मालवणजवळच्या रेवंडीचे मच्छिंद्र कांबळी यांची वाट उलटी. ते आधी नट. व्यापारी नंतर झाले. गंगाराम गवाणकरांचे ‘वस्त्रहरण’ १९८० साली रंगमंचावर आले, तेव्हा मराठी नाटकात मालवणी बोलीला घरगड्याच्या तोंडापलीकडे फारसे स्थान नव्हते. आरंभी प्रेक्षकही बेताचेच. पु. ल. देशपांड्यांच्या कौतुकानंतर चित्र पालटले, तात्या सरपंच घरोघरी पोहोचला, प्रयोग ५,०००च्या वर गेले. एवढ्यावर न थांबता कांबळींनी ‘भद्रकाली’ ही संस्था काढून मालवणी नाटके एकामागून एक उभी केली. प्रयोग पडला तर नटाच्या टाळ्या जातात, निर्मात्याचे भांडवल जाते. नाट्यगृहाचे भाडे, बसगाडी, नटांची नाइट हे सारे प्रेक्षक येवोत न येवोत, चुकवावेच लागते. २००७ साली कांबळी निवर्तले. त्यांच्या विनोदाच्या आठवणी अजून निघतात. पण बोलीवर स्वतःचा पैसा लावणाऱ्या माणसाचे मोल आपण कितीसे केले? ‘वस्त्रहरण’ला खळखळून हसणारे आणि वर्गात मालवणी बोलणाऱ्या पोराला ‘शुद्ध बोल’ म्हणून दरडावणारे गुरुजी आजही भेटतात, आणि पुष्कळदा ते एकच असतात.