बाहुबलीचा आवाज कोणाचा?

"कट्टप्पाने बाहुबलीला का मारलं?" २०१५ ते २०१७, तब्बल दोन वर्षं सगळा देश हाच प्रश्न विचारत होता. हिंजवडीच्या कँटीनमध्ये रिलीजच्या तारखेपेक्षा याचीच चर्चा जास्त! पण "हिंदीत हा बाहुबली बोलतोय कोणाच्या आवाजात?" असं विचारणारा एकही पठ्ठ्या भेटला नाही.

तर मंडळी, तो आवाज शरद केळकरचा.

ग्वाल्हेरच्या मराठी घरातला हा माणूस. लहानपणी बोलताना अडखळायचा, हे त्याने स्वतःच सांगितलंय. 'सात फेरे' मालिकेतला नाहर सिंग म्हणून तो घराघरांत पोचला. २००८ मध्ये झी टीव्हीवर 'रॉक अँड रोल फॅमिली'चं सूत्रसंचालन केलं. २०१४ च्या 'लय भारी'त खलनायक, २०२० च्या 'तान्हाजी'त थेट छत्रपती शिवाजी महाराज. आणि तरी, त्याचं सगळ्यात जास्त लोकांपर्यंत पोचलेलं काम बहुधा तेच, ज्यात तो दिसतच नाही. 'बाहुबली २'च्या एकट्या हिंदी आवृत्तीने भारतात ५०० कोटींच्या वर गल्ला जमवला!

डबिंग म्हणजे नुसतं वाचून दाखवणं नव्हे. बंद खोलीत एकट्याने उभं राहायचं, कानात मूळ भाषेतला संवाद, समोर दुसऱ्याचे ओठ. त्या ओठांच्या मापात आपली भाषा बसवायची आणि वर रागही खरा वाटला पाहिजे. चाकण-म्हाळुंगेकडे एकेका खोलीत चार-पाच पोरं राहतात, कोणी बीडचा, कोणी बिहारचा. शिफ्ट संपली की मोबाईलवर डब केलेला साउथचा पिक्चर. त्यांची करमणूक ज्यांच्या गळ्यावर चालते, त्यांची नावं पोस्टरवर छापायची आपल्याकडे पद्धतच नाही.

इटलीत फेरुच्चो आमेंडोला नावाचा डबिंग कलाकार होता. डी नीरो, पचिनो, स्टॅलोन, सगळे इटालियनमध्ये त्याच्याच आवाजात बोलायचे. १९९५ च्या 'हीट'मध्ये डी नीरो आणि पचिनो समोरासमोर आले आणि झाली पंचाईत! शेवटी पचिनोला दुसरा आवाज शोधावा लागला. पण तिथले लोक आमेंडोलाला नावाने ओळखायचे.

"नाव कळलं की मजा जाते" असं काही जण म्हणतील. मला नाही पटत. १९४९ च्या 'महल'च्या रेकॉर्डवर गायिका म्हणून 'कामिनी' असं चक्क पात्राचं नाव छापलं होतं. गायलेल्या लता मंगेशकर. पुढे गायकांची नावं छापायला लागले, म्हणून मधुबाला कमी सुंदर दिसायला लागली का?

आता हे सगळं आजच का? कारण यात आपला, म्हणजे सॉफ्टवेअरवाल्यांचा हात आहे. थोडंसं रेकॉर्डिंग दिलं की एआय आवाजाची हुबेहूब नक्कल करतं. जुलै २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने अशा नकलेविरुद्ध अरिजित सिंगला अंतरिम संरक्षण दिलं. उत्तम झालं. पण ते मिळालं कशाच्या जोरावर? त्याचं नाव आणि आवाज लोक ओळखतात, या जोरावर. ज्याचं नावच कधी कुठे छापलं नाही, त्याने कोर्टात काय दाखवायचं? केळकरला निदान चेहरा आहे. कार्टूनला, जाहिरातींना आवाज देणाऱ्या बाकीच्यांचं काय?

म्हणून मागणी साधी आहे. पोस्टरवर आणि सुरुवातीच्या टायटल्समध्ये आवाज देणाऱ्याचं नाव हवं. आणि तो आवाज मशीनला शिकवायचा असेल तर वेगळी लेखी परवानगी आणि वेगळे पैसे. आपण दुसऱ्याची दहा ओळींची लायब्ररी घेतानाही लायसन्स तपासतो. आपल्या प्रत्येक कमिटवर आपलं नाव असतं. माणसाच्या गळ्याला एवढाही मान नको?

पुढच्या वेळी डब केलेला पिक्चर बघाल तेव्हा शेवटची नावं सरकेपर्यंत खुर्चीत बसा. आवाजाचं नाव सापडतंय का बघा. नाही सापडलं, तर विचारा की राव!