जाता जाता एक विचारायचं होतं

लगीनसराई सुरू झाली की सोलापूरच्या नव्या पेठेत सकाळी अकरालाच पाय ठेवायला जागा उरत नाही. बार्शीहून, मोहोळहून, अक्कलकोटहून माणसं बस्ता बांधायला येतात. एका गाडीतून पंधरा जण उतरतात आणि दुकानाच्या गादीवर मांडी घालून बसतात. नवरीचा शालू, मानपानाच्या साड्या, व्याह्यांचे टॉवेल-टोपी, चादरींच्या जोड्या. कुणाला काय द्यायचं, कुणाचा मान राहिला, यावर तासन्‌तास खल चालतो. माझी समुपदेशनाची खोली याच पेठेत, एक जिना चढून वर आहे. खिडकी उघडली की भाव करणारे आवाज वर येतात. आणि अशाच एखाद्या बस्त्यानंतर वर्षा-दोन वर्षांनी त्या घरातलं कुणीतरी जिना चढून माझ्यासमोर बसतं आणि म्हणतं, "मॅडम, झोप लागत नाही."

झोप लागत नाही, डोकं दुखतं, चिडचिड होते, दुकानात लक्ष लागत नाही. हे सगळं खरंच असतं. पण त्याच्या मुळाशी जे असतं ते फार उशिरा येतं. वेळ संपलेली असते, पायात चपला सरकवलेल्या असतात, एक हात दाराच्या कडीवर असतो आणि मग आवाज खाली येतो: "मॅडम, जाता जाता एक विचारायचं होतं."

काही वर्षांपूर्वी एक तिशीतल्या बाई माझ्याकडे येत होत्या. ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत. तक्रार झोपेची होती. सहा आठवडे मी त्यांना श्वासाचे व्यायाम शिकवले, झोपेच्या वेळा लावून दिल्या, सासूबाईंशी होणाऱ्या खटक्यांबद्दल बोलले. सहाव्या आठवड्याला त्या दाराशी थांबल्या आणि भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत म्हणाल्या, "लग्नाला चार वर्षं झाली. आमच्यात अजून ते झालंच नाही. दुखतं फार, मी आखडून जाते. घरचे मूल होत नाही म्हणून देव-देव करतायत. त्यांना काय सांगू?"

मी त्यांना परत बसवलं. त्या दिवशी पुढची भेट मी पुढे ढकलली. रात्री मात्र माझीच झोप उडाली. सहा आठवडे मी त्यांना भूक विचारली, झोप विचारली, पाळी विचारली. हा एक प्रश्न विचारला नाही. त्यांनी काही लपवलं नव्हतं. मीच विचारलं नव्हतं.

तेव्हापासून माझं मत पक्कं झालं आहे. लैंगिक अडचणीत समुपदेशकाने करायचं पहिलं काम म्हणजे विचारणं. सगळ्यांना, पहिल्या-दुसऱ्या भेटीत, झोप-भूक विचारतो त्याच आवाजात. माणसं आपणहून बोलतील याची वाट बघणं म्हणजे त्यांचं ओझं त्यांच्याच डोक्यावर ठेवणं आहे.

न विचारल्याने काय होतं, हे महाराष्ट्राने एकदा आकड्यांत पाहिलं आहे. डॉ. राणी आणि डॉ. अभय बंग यांनी गडचिरोलीतल्या दोन गावांत स्त्रियांची तपासणी केली. तो अभ्यास १९८९ मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात छापून आला आणि जगाचं लक्ष तिकडे गेलं. ९२ टक्के स्त्रियांना कुठला ना कुठला स्त्रीरोग किंवा लैंगिक अवयवांचा आजार निघाला. याआधी कधी अशी तपासणी झालेल्या होत्या फक्त ८ टक्के. त्या बाया दुखणं अंगावर काढत होत्या. दार ठोठावून कुणी विचारलं तेव्हा त्या बोलल्या.

विचारण्याची सोय असली की माणसं विचारतात, याचा त्याहून जुना पुरावाही आपल्याच भाषेत आहे. रघुनाथ धोंडो कर्वे यांनी १९२१ मध्ये मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढलं आणि जुलै १९२७ पासून 'समाजस्वास्थ्य' हे मासिक चालवलं, थेट १९५३ मध्ये डोळे मिटेपर्यंत. या मासिकात वाचकांच्या खासगी प्रश्नांना उत्तरं असत. हस्तमैथुनाबद्दल, समलिंगी संबंधांबद्दल लोक मराठीत प्रश्न पाठवत आणि कर्वे सरळ, शास्त्रीय उत्तर देत. या उत्तरांवरूनच १९३४ मध्ये त्यांच्यावर अश्लीलतेचा खटला झाला. त्यांचं वकीलपत्र घेतलं ते डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी. लोकांना प्रश्न पडले आहेत तर त्यांना ज्ञानानेच उत्तर दिलं पाहिजे, ही बाजू बाबासाहेबांनी न्यायालयात मांडली. खटला ते हरले, कर्व्यांना दंड झाला, मासिक मात्र थांबलं नाही. पुढे डॉ. विठ्ठल प्रभूंनी याच विषयावर मराठीत लिहिलं, केईएम रुग्णालयात डॉ. प्रकाश कोठारींनी या विषयाला वैद्यकशास्त्राची बैठक दिली, डॉ. महिंदर वत्सांनी नव्वदी ओलांडल्यावरही वृत्तपत्रातून वाचकांच्या शंका सोडवल्या. शंभर वर्षांचा हा वारसा असताना आज एखाद्या पदवीधर समुपदेशकाला 'तुमचे शरीरसंबंध कसे आहेत' एवढं विचारताना घाम फुटतो, हे मला सलतं.

मग विचारायचं कसं? मी एवढंच म्हणते: "झोप, जेवण, पाळी जसं सगळ्यांना विचारते, तसंच हेही सगळ्यांनाच विचारते. नवरा-बायकोच्या जवळिकीत काही त्रास, काही काळजी आहे का? आज सांगायचं नसेल तरी चालेल." शेवटचं वाक्य सर्वांत महत्त्वाचं. बरेच जण त्या दिवशी "नाही" म्हणतात आणि तिसऱ्या भेटीत स्वतःहून विषय काढतात. दार उघडं आहे, हे त्यांना कळलेलं असतं.

दुसरी अडचण शब्दांची. मराठीत या अवयवांना एक तर पाठ्यपुस्तकातले शब्द आहेत, नाही तर शिवीतले. मधला, घरात वापरता येईल असा शब्द जवळजवळ नाहीच. त्यात आपलं सोलापूर म्हणजे मराठी, कन्नड, तेलुगू आणि उर्दू एकाच गल्लीत नांदणारं गाव. माहेरी एक भाषा, सासरी दुसरी, डॉक्टरांसमोर तिसरी. माणसं म्हणतात, "जमत नाही", "कमजोरी आहे", "अंगावरून जातं", "ते होत नाही". समुपदेशकाने त्या शब्दाला हसू नये, नाक मुरडू नये. तोच शब्द उचलावा आणि हळूच विचारावं, "जमत नाही म्हणजे नेमकं काय होतं?" या एका प्रश्नातून निम्मं निदान बाहेर येतं.

अमेरिकन मानसशास्त्रज्ञ जॅक ॲनन यांनी १९७० च्या दशकात या कामाच्या चार पायऱ्या सांगितल्या. आधी बोलायची मोकळीक, मग नेमकी माहिती, मग त्या जोडप्यापुरती सूचना आणि अगदी शेवटी दीर्घ उपचार. माझा अनुभव असा, की बहुतेकांचं ओझं पहिल्या दोन पायऱ्यांवरच हलकं होतं.

लग्न ठरलेला एखादा मुलगा येतो. सुरुवात 'माझ्या मित्राला प्रॉब्लेम आहे' अशी होते. मित्राची धात जाते, त्यामुळे अंगातली शक्ती गेली, आता लग्न कसं करू, असं तो विचारतो. वीर्य म्हणजे रक्ताचा अर्क, ते गेलं की माणूस खंगतो, ही समजूत पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहे. डॉ. एन. एन. विग यांनी १९६० मध्येच या भीतीतून येणाऱ्या त्रासाला 'धात सिंड्रोम' असं नाव दिलं. थकवा खरा, धडधड खरी, कारण मात्र भीतीचं. त्या मुलाला मी वीर्य कसं तयार होतं, झोपेत ते का जातं, हे कागदावर चित्र काढून सांगते. "म्हणजे मला काही झालेलं नाही?" असं तो विचारतो, तेव्हा मित्र मागे पडलेला असतो.

हाच मुलगा माझ्याकडे येण्याआधी भिंतींवरच्या जाहिराती वाचून आलेला असतो. 'गुप्त समस्या, खात्रीशीर इलाज.' लैंगिक शक्ती वाढवण्याचा दावा करणाऱ्या औषधांच्या जाहिरातींना आपल्या देशात १९५४ च्या कायद्याने बंदी आहे. तरी भिंती रंगतात, रस्त्याकडेला तंबू पडतात आणि पोरं पगार ओतून भुकट्या घेतात. तंबूतला माणूस विचारतो, आम्ही विचारत नाही. म्हणून गर्दी तिकडे आहे.

माहिती देताना शरीराकडे पाठ फिरवून चालत नाही. पन्नाशीचे एक व्यापारी सांगतात, हल्ली ताठरता येत नाही, वय झालं. समुपदेशकाने तिथे मनाचे पापुद्रे सोलत बसण्याआधी रक्तातली साखर आणि रक्तदाब तपासायला पाठवलं पाहिजे. मधुमेह नसा आणि रक्तवाहिन्या दोन्ही बिघडवतो. ताठरतेची तक्रार कधी कधी हृदयविकाराची आगाऊ सूचनाही असते. नैराश्याच्या काही गोळ्यांनी इच्छा मंदावते किंवा वीर्यपतनाला उशीर लागतो. हे रुग्णाला आधी सांगितलं तर तो गोळ्या परस्पर बंद करत नाही, डॉक्टरांशी बोलून बदलून घेतो. सोलापुरात १९६३ पासून शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आहे. तिथे मानसोपचार, स्त्रीरोग, त्वचारोग हे विभाग एकाच आवारात आहेत. शहरातल्या प्रत्येक समुपदेशकाने या तिन्ही ठिकाणच्या डॉक्टरांशी ओळख ठेवावी आणि चिठ्ठीवर काय लिहायचं हे रुग्णासमोर, त्याला विचारून लिहावं.

त्या बाईंचं काय झालं, ते सांगते. त्यांना होत होतं त्याला वैद्यकात योनिआकर्ष म्हणतात. डोळ्याजवळ बोट आलं की पापणी आपोआप मिटते, तसे योनीभोवतीचे स्नायू आपोआप आवळतात. त्यात हट्ट नसतो, नखरा नसतो, नवऱ्यावर राग असेलच असंही नाही. एवढं ऐकून त्या रडल्या, कारण चार वर्षं घरात त्यांना 'थंड' म्हटलं जात होतं. स्त्रीरोगतज्ज्ञांनी तपासणी केली, तीही त्यांच्या गतीने, त्यांनी थांबा म्हटलं की थांबून. मग आम्ही नवऱ्याला बोलावलं. मास्टर्स आणि जॉन्सन या जोडीने १९७० मध्ये मांडलेली एक पद्धत आहे. काही आठवडे संभोग पूर्ण वर्ज्य. फक्त स्पर्श, तोही आधी हाताला, पाठीला, केसांना. काही साधायचं नाही, परीक्षा नाही, म्हणून नापास होण्याची भीती नाही.

पद्धत पुस्तकात सोपी दिसते. आपल्याकडे पहिला प्रश्न येतो तो जागेचा. दहा बाय बाराच्या खोलीत सहा माणसं, मधे साडीचा पडदा, पलीकडे सासऱ्यांचा खोकला. तिथे स्पर्शाचा गृहपाठ कुठे करायचा? विडी आणि यंत्रमाग कामगारांच्या वस्त्यांत कित्येक जोडप्यांनी आयुष्यात कधी दिवा लावून एकमेकांकडे पाहिलेलं नाही. १९ जानेवारी २०२४ ला सोलापूरजवळच्या कुंभारीतल्या रे नगरात कष्टकऱ्यांना १५ हजार घरांच्या किल्ल्या मिळाल्या, तेव्हा मला आधी आठवली ती दाराची कडी. समुपदेशकाने सूचना देण्याआधी घराचा नकाशा विचारावा. या जोडप्यासोबत आम्ही सासू-सासरे संध्याकाळी सिद्धेश्वराच्या दर्शनाला जातात तो पाऊण तास शोधून काढला.

काही ठिकाणी मात्र जोडप्याला एकत्र बसवणंच चूक असतं. बाई घाबरून नवऱ्याकडे बघून उत्तर देत असेल, तर तिला एकटीला भेटावं. जबरदस्ती होत असेल, तर स्पर्शाचे व्यायाम देणं हा गुन्ह्याला हातभार आहे. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्यात लैंगिक छळाचा स्पष्ट उल्लेख आहे, हे तिला सांगावं आणि १८१ हा महिला हेल्पलाइनचा क्रमांक द्यावा. आणि एखादा मुलगा म्हणाला की मला मुलींबद्दल तसं वाटत नाही, घरचे बस्ता बांधून आलेत, तर त्याला 'सुधारायचा' प्रयत्न कुणीही करू नये. सर्वोच्च न्यायालयाच्या ६ सप्टेंबर २०१८ च्या निकालाने समलिंगी संबंध गुन्हा राहिला नाही. असे 'रूपांतर उपचार' हे डॉक्टरांसाठी व्यावसायिक गैरवर्तन ठरलं आहे. त्या मुलाला आणि न बघितलेल्या त्या मुलीलाही वाचवण्याची वेळ तीच असते.

या खोलीची स्वतःची शिस्तही हवी. समुपदेशक शरीराला हात लावत नाही, करून दाखवत नाही, स्वतःच्या आयुष्यातल्या गोष्टी सांगत नाही, आपल्या कुतूहलासाठी एकही प्रश्न विचारत नाही. मानसिक आरोग्याच्या २०१७ च्या कायद्याने गोपनीयता हा रुग्णाचा हक्क आहे. नव्या पेठेत प्रत्येकजण प्रत्येकाला ओळखतो, म्हणून तो हक्क इथे दुप्पट जपावा लागतो. जिन्यात भेटले तरी मी ओळख दाखवत नाही, त्यांनी दाखवली तरच.

दर जानेवारीत, मकरसंक्रांतीच्या सुमारास, गड्ड्याच्या यात्रेत आपण सिद्धेश्वराच्या तळ्याकाठी संमती कट्ट्याभोवती उभे राहतो. सिद्धेश्वराच्या प्रतीकात्मक विवाहात आधी संमतीवाचन होतं, मग लाखो हातांतल्या अक्षता पडतात. ज्या गावाच्या सर्वांत मोठ्या उत्सवात संमतीला कट्टा आहे, त्या गावातल्या घरांत तो शब्द दाराबाहेर का थांबावा?

त्या बाई तीन महिन्यांनी आल्या तेव्हा त्यांना मी संबंध जमले का, असं विचारलं नाही. कसं चाललंय, एवढंच विचारलं. त्या आधी खुर्चीत नीट बसल्या, पदर सावरला आणि म्हणाल्या, "मॅडम, परवा मी थांबा म्हटलं. हे थांबले. मग आम्ही रात्री दीडपर्यंत गप्पा मारत बसलो." वेळ संपायला अजून चाळीस मिनिटं होती.

(स्तंभलेखिका सोलापुरात समुपदेशक आहेत.)